भक्ती बर्वे : बातम्यांची भाषा, मंजुळेची बोली

१९७५ साली पु. ल. देशपांडे यांचे ‘ती फुलराणी’ रंगमंचावर आले, तेव्हा नाट्यगृहात बसलेल्या अनेक मुंबईकरांना त्यातील नायिकेचा चेहरा आधीपासून ठाऊक होता. मुंबई दूरदर्शनच्या कृष्णधवल पडद्यावर संथ लयीत, स्वच्छ उच्चारांत मराठी बोलणारी ही तरुणी घराघरांत ओळखीची झाली होती. इथे मात्र ती रस्त्यावर फुले विकणाऱ्या मंजुळा साळुंके या मुलीच्या रूपात उभी होती. तोंडाने फटकळ आणि उच्चारांनी अशुद्ध असलेल्या या मुलीला ज्या ‘शुद्ध’ भाषेचे धडे भाषाशास्त्राचा प्राध्यापक देऊ पाहत होता, ती भाषा भक्ती बर्वे यांच्या नोकरीचाच भाग होती. या योगायोगात त्यांच्या कारकिर्दीचे मर्म दडलेले आहे.

भक्ती बर्वे यांचा जन्म १० सप्टेंबर १९४८ रोजी झाला. जन्मगाव सांगली. विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये ‘सीतास्वयंवर’ केले ते याच गावी, त्यामुळे सांगलीत जन्मलेल्या नटाच्या चरित्रात या गोष्टीचा उल्लेख हटकून येतो. भक्तीताईंची घडण मात्र मुंबईत झाली. सुधा करमरकर यांनी मुलांसाठी चालवलेल्या ‘लिटिल थिएटर’मधून त्यांनी रंगमंचावर पाऊल ठेवले. आजही बालनाट्याकडे हौसेचा मामला म्हणून पाहण्याची रीत आहे. सुधाताईंची बालरंगभूमी तशी नव्हती. नेपथ्य, वेशभूषा, संगीत, तालीम या साऱ्यांत तिथे व्यावसायिक नाटकाइतकीच शिस्त असे. समोर बसलेली मुले कंटाळली की लपवाछपवी करत नाहीत. सरळ बोलू लागतात. शेवटच्या रांगेतल्या मुलापर्यंत शब्द पोहोचवण्याची सवय लागायची तर याहून चांगली शाळा नाही.

पुढे आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावर त्या निवेदिका झाल्या. रेडिओवर चेहरा नसतो, हातवारे नसतात. जे काही सांगायचे ते स्वरातून आणि विरामातून. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाले आणि त्या पडद्यावर आल्या. निवेदन आणि मराठी बातम्यांचे वाचन ही तिथली त्यांची ओळख. वाहिनी एकच असल्याने तिच्यावरचे चेहरेही मोजके होते. संध्याकाळी शेजाऱ्यांच्या घरी दाटीवाटीने बसून संच पाहणाऱ्या पिढीला ते आपल्या घरातलेच वाटत. बातमी वाचताना स्वतःचे मत, राग वा करुणा आवाजात उमटू द्यायची नाही, हा तिथला दंडक. अभिनयाच्या नेमके उलट असलेले हे शिक्षण भक्तीताईंना नटी म्हणूनच उपयोगी पडले. भावना रोखून कशी धरायची, हे एकदा कळले की ती केव्हा सोडायची हेही कळते.

‘ती फुलराणी’ हे जॉर्ज बर्नार्ड शॉ यांच्या ‘पिग्मॅलियन’चे मराठी रूप. लंडनमध्ये १९१४ साली हे नाटक आले तेव्हा फुलवाल्या एलायझाची भूमिका मिसेस पॅट्रिक कॅम्पबेल या ख्यातनाम अभिनेत्रीने वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी केली होती. पुढे त्यावर ‘माय फेअर लेडी’ हे संगीत नाटक आणि १९६४ मध्ये चित्रपट निघाला. चित्रपटात ऑड्री हेपबर्न होती, पण तिच्या बहुतेक गाण्यांना आवाज मार्नी नि‍क्सन हिचा होता. एका मुलीच्या वाणीवरच उभ्या असलेल्या कथेत नायिकेचा आवाज उसना असावा, हा एक विनोदच म्हणायचा.

मराठीत अशी उसनवारी शक्य नव्हती. लंडनच्या कॉकनी बोलीला मराठीत प्रतिशब्द नाही. मराठीत भाषेचा प्रश्न उच्चाराबरोबर जात, वस्ती आणि शिक्षण यांनाही भिडतो. पुलंनी नाटकाचे नाव बालकवींच्या कवितेवरून घेतले आणि मंजुळेला मुंबईच्या रस्त्यावरची बोली दिली. ती बोली हास्यास्पद करून टाळ्या मिळवणे सोपे होते. भक्ती बर्वे यांच्या मंजुळेला प्रेक्षक हसत, पण तिच्या बोलण्याची कीव त्यांना येत नसे. प्राध्यापकाच्या छळाने चिडलेली मंजुळा एकटीच असताना त्याच्यावर सूड उगवण्याची स्वप्ने रंगवते, ते स्वगत तर दंतकथाच होऊन बसले. संताप, नक्कल, स्वप्नरंजन आणि मधूनच दाटून येणारे रडू, हे सारे त्यात एका दमात येते. त्याचे चित्रण पाहताना आजही जाणवते की त्या कुठेही घाई करत नाहीत. शब्द कितीही वेगात धावोत, प्रत्येक अक्षर ऐकू येते. लिटिल थिएटर, आकाशवाणी आणि दूरदर्शन या तिन्ही शाळांची पुण्याई तिथे कामी आली होती.

समोर प्राध्यापक जहागीरदारांच्या भूमिकेत सतीश दुभाषी होते. दुभाषींचा तल्लख, काहीसा क्रूर प्राध्यापक आणि भक्तीताईंची अंगार मंजुळा यांची जुगलबंदी पाहण्यासाठी लोक पुन्हा पुन्हा येत. १९८० मध्ये दुभाषी अकाली गेले. नाटकाचे प्रयोग हजारावर गेले.

या यशाची किंमतही होती. कार्यक्रमपत्रिका, सत्कार, वृत्तपत्रातील मथळे, सगळीकडे त्यांच्या नावामागे ‘फुलराणी’ लागले ते कायमचेच. मराठी प्रेक्षक ज्याच्यावर प्रेम करतो त्याला एका भूमिकेत बांधूनही टाकतो. दुसरी एखादी अभिनेत्री तेवढ्यावर आयुष्यभर जगली असती. भक्तीताईंनी तसे केले नाही, हे त्यांच्या नंतरच्या कामांकडे पाहिले की दिसते. फुलराणीच्या उजेडात ती कामे थोडी झाकोळली, एवढेच.

दूरदर्शनवरील ‘बहिणाबाई’मध्ये त्यांनी खानदेशच्या कवयित्री बहिणाबाई चौधरी यांना उभे केले. इथेही प्रश्न बोलीचाच होता. पण रंगमंचावरच्या मंजुळेची बोली बदलायची होती आणि पडद्यावरच्या बहिणाबाईंची जपायची होती. निरक्षर, कष्टाळू, अकाली वैधव्य आलेल्या या शेतकरी स्त्रीच्या तोंडची लेवा बोली शहरी नटीच्या तोंडी कृत्रिम वाटण्याचा धोका मोठा होता. ज्या पडद्यावर प्रमाण मराठीतल्या बातम्या सांगितल्या, त्याच पडद्यावर त्यांनी ती बोली सन्मानाने बोलून दाखवली.

हिंदी प्रेक्षकांना त्या ठाऊक आहेत त्या कुंदन शहा यांच्या ‘जाने भी दो यारों’मुळे. १९८३ च्या या चित्रपटात ‘खबरदार’ या नियतकालिकाची संपादक शोभा सेन त्यांनी रंगवली. नसीरुद्दीन शाह आणि रवी बासवानी यांच्या भोळ्या छायाचित्रकारांना सत्यशोधनाच्या कामाला लावायचे आणि हाती आलेल्या पुराव्याचा आपल्या फायद्यासाठी सौदा करायचा, अशी ही बाई. चित्रपटात बाकी सारे धिंगाणा घालत असताना शोभा शांत, मधाळ, मोजके बोलते. वृत्तनिवेदिकेचा विश्वासार्ह स्वर लबाडीसाठी कसा वापरता येतो, याचे ते बेमालूम उदाहरण होते. चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा फारसा चालला नाही. त्याची थोरवी पुढे कळली. हिंदी चित्रपटसृष्टीने मात्र या अभिनेत्रीचा पुरेसा उपयोग करून घेतला नाही. गोविंद निहलानी यांच्या ‘हजार चौरासी की माँ’मध्ये, १९९८ साली, त्या पुन्हा दिसल्या.

अभिनेते शफी इनामदार यांच्याशी त्यांचा विवाह झाला. दापोली परिसरात जन्मलेले शफीही मुळात रंगभूमीचेच. ‘अर्धसत्य’ आणि ‘ये जो है जिंदगी’ यांनी त्यांना देशभर नेले. १३ मार्च १९९६ रोजी हृदयविकाराने त्यांचे निधन झाले.

दरम्यान भक्तीताई वयाला साजेशा भूमिकांकडे वळल्या होत्या. अशोक पाटोळे यांच्या ‘आई रिटायर होतेय’मधील आई एक दिवस घरकामातून निवृत्तीची घोषणा करते. कल्पना विनोदी, पण नाट्यगृहातल्या स्त्रिया हसता हसता गप्प होत, आणि शेजारी बसलेले पुरुष जरा अस्वस्थ. हे नाटक पुढे हिंदीतही गेले आणि तिथे आईची भूमिका जया बच्चन यांनी केली. १९९५ च्या सुमारास आलेल्या ‘गांधी विरुद्ध गांधी’मध्ये त्या कस्तुरबा होत्या, महात्मा पती आणि वाहवत गेलेला मुलगा हरिलाल यांच्यात पिसली जाणारी आई. मंजुळेची तडफ तिथे उपयोगाची नव्हती. १९९० मध्ये संगीत नाटक अकादमीच्या पुरस्काराने त्यांचा गौरव झाला होता.

१२ जून २००० रोजी पु. ल. गेले. भक्तीताईंच्या ‘पु. ल., फुलराणी आणि मी’ या एकपात्री कार्यक्रमात लेखक, भूमिका आणि नटी अशी तिन्ही नावे एकत्र आली होती. ज्या भूमिकेने त्यांना बांधून ठेवले, तिच्याकडे त्या स्वतःच्या नावानिशी पुन्हा पाहत होत्या.

मराठी नाटक दौऱ्यांवर जगते. प्रयोग संपवून रात्री-अपरात्री गाडीत बसायचे आणि दुसऱ्या दिवशी दुसऱ्या गावी उभे राहायचे, यात पिढ्या गेल्या. या रस्त्यांनी माणसेही नेली. १९८४ मध्ये अरुण सरनाईक असेच अपघातात गेले होते. १२ फेब्रुवारी २००१ रोजी भक्ती बर्वे वाईचा कार्यक्रम आटोपून मुंबईला परतत होत्या. मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग तेव्हा नवा होता. त्याचे काही टप्पे खुले होऊन फार दिवस झाले नव्हते. रायगड जिल्ह्याच्या हद्दीत, भाताण बोगद्याजवळ त्यांच्या मोटारीला अपघात झाला आणि त्यात त्यांचा मृत्यू झाला. वय अवघे बावन्न.

प्रिया तेंडुलकर, सुकन्या कुलकर्णी, अमृता सुभाष, हेमांगी कवी अशा निरनिराळ्या वयाच्या आणि धाटणीच्या अभिनेत्रींनी मंजुळा साकारली आहे. प्रत्येकीने ती आपापल्या परीने केली. स्वगताची वेळ आली की नाट्यगृहातली जुनी मंडळी मात्र किंचित पुढे सरकून बसत.