चौथा कॅप्टन म्हणून बोलावलेला फौजी, मॅनेजर होऊन इंग्लंडमध्ये सिरीज जिंकून आला

फेब्रुवारी १९५९. वेस्ट इंडिजच्या वेस हॉल आणि रॉय गिलख्रिस्टने आपली पार दाणादाण उडवली होती. चार टेस्टमध्ये तीन कॅप्टन झाले. उम्रीगर, गुलाम अहमद, मंकड. पाचव्या टेस्टला दिल्लीत कॅप्टन कोण? बोलावणं गेलं लष्करातल्या एका ३९ वर्षांच्या अधिकाऱ्याला.

हेमू अधिकारी. (नाटक-सिनेमातले हेमू अधिकारी वेगळे बरं का.)

या माणसाने ६३ आणि ४० रन केले, वर लेगस्पिन टाकून तीन विकेट काढल्या. टेस्ट करिअरमधल्या त्यांच्या एकूण विकेट तेवढ्याच! मॅच ड्रॉ झाली. मात्र पुन्हा टेस्ट खेळायला ते उतरलेच नाहीत.

जन्म पुण्याचा, १९१९ सालचा. ऐन उमेदीची वर्षं महायुद्धात गेली, त्यामुळे टेस्टमध्ये पदार्पण झालं थेट २८ व्या वर्षी, ब्रिस्बेनला. पुढे सर्व्हिसेसची टीम त्यांनी दोनदा रणजी फायनलला नेली. १९५२ मध्ये पाकिस्तानविरुद्धच्या पहिल्यावहिल्या टेस्टमध्ये भारत ९ बाद २६३ होता. तिथून त्यांनी गुलाम अहमदना सोबत घेऊन शेवटच्या विकेटसाठी १०९ रन जोडले. हा भारतीय रेकॉर्ड मोडायला २००४ साल उजाडलं. सचिन आणि झहीरने तो मोडला.

पण त्यांची खरी इनिंग मॅनेजर म्हणून. तेव्हा टीमसोबत आजच्यासारखा कोच, ट्रेनर असा लवाजमा नसायचा. मॅनेजरच सगळं बघायचा. १९७१ च्या इंग्लंड दौऱ्यावर कॅप्टन अजित वाडेकर आणि मॅनेजर लेफ्टनंट कर्नल अधिकारी. स्वतः कव्हरला जबरदस्त फिल्डिंग करणाऱ्या या माणसाने पोरांना फिल्डिंगसाठी फौजी खाक्यात राबवलं. कारण साधं होतं. बेदी, चंद्रा, वेंकट बॅटची कड घेणार, पण जवळचे कॅच सुटले तर त्याचा उपयोग काय? सोलकर शॉर्टलेगला, वाडेकर स्लिपमध्ये. ओव्हलवर चंद्रशेखरने ३८ रनमध्ये सहा जणांना गुंडाळलं, इंग्लंड १०१ वर आटोपलं आणि २४ ऑगस्टला भारताने इंग्लंडमधली पहिली टेस्ट आणि पहिली सिरीज एकदमच जिंकली.

याचं श्रेय वाडेकर आणि चंद्राला मिळालं, ते योग्यच. मॅनेजर मात्र फोटोच्या कडेलाच राहिला.

बरं, तीन वर्षांनी इंग्लंडलाच मॅनेजर पुन्हा तेच, कॅप्टनही तोच. या वेळी लॉर्ड्सवर टीम ४२ वर ऑलआउट, सिरीज ०-३. वाडेकरांची कारकीर्द तिथेच संपली.

अधिकारी मात्र कोचिंग कॅम्पमध्ये रमले. गावसकर, कपिल देव, रवी शास्त्री त्यांच्या हाताखालून गेले. शिस्त तीच, फौजेतली. २५ ऑक्टोबर २००३ रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं.