श्रीपूरच्या कारखान्याचे संस्थापक गेले, ज्या कायद्याखाली केस होती तो कायदाही गेला, तरी केस चालूच राहिली!

“याचिका निष्फळ ठरल्याने निकाली काढली.” अशी बातमी आपण नेहमी वाचतो. समजा, लिलाव थांबवा म्हणून कुणी कोर्टात गेलं आणि सुनावणीआधीच लिलाव रद्द झाला, तर निकाल कशावर द्यायचा? मग कोर्ट ती फाईल बंद करतं.

पण ज्या कायद्याखाली दाद मागितली तो कायदाच रद्द झाला तर? याचं उत्तर सोलापूर जिल्ह्यातल्या श्रीपूरशी आणि चंद्रशेखर आगाशे या माणसाशी जोडलेलं आहे.

आगाशेंचा जन्म १८८८ सालचा, भोर संस्थानातला. शिक्षणाने ते वकील. १९३२ मध्ये सरकारने देशी साखर उद्योगाला संरक्षण दिलं आणि कारखाने काढायची लाट आली. माळशिरस तालुक्याला नीरा उजव्या कालव्याचं पाणी मिळत होतं, म्हणजे ऊस पिकणार होता. गंमत म्हणजे हे पाणी यायचं भोरजवळच्या भाटघर धरणातून.

१९३४ मध्ये आगाशेंनी ‘बृहन महाराष्ट्र शुगर सिंडिकेट’ ही कंपनी काढली. शेअर्स विकून लोकांकडून भांडवल उभं केलं आणि श्रीपूरला कारखाना उभा राहिला. मॅनेजिंग एजंट म्हणून कंपनीचा कारभार शेवटपर्यंत त्यांच्याकडे होता.

पण लोकांचा पैसा आला की हिशोब विचारायचा हक्कही येतो. काही भागधारकांनी कंपनीच्या कारभाराविरुद्ध पुण्याच्या जिल्हा न्यायालयात अर्ज केला. आधार होता १९१३ च्या कंपनी कायद्याचा.

अर्ज प्रलंबित असतानाच १ एप्रिल १९५६ ला नवा कंपनी कायदा आला आणि जुना रद्द झाला. त्यानंतर सव्वादोन महिन्यांनी, ९ जून १९५६ ला आगाशे वारले.

कंपनीचं म्हणणं होतं की जुना कायदाच उरला नाही, तर जिल्हा न्यायालयाला हा अर्ज ऐकायचा अधिकारही उरला नाही. वाद थेट सुप्रीम कोर्टात गेला.

१९६० मध्ये कोर्टाने कंपनीचं अपील फेटाळलं. १८९७ च्या जनरल क्लॉजेस ॲक्टच्या कलम ६ नुसार, कायदा रद्द झाला तरी त्याखाली आधीच सुरू झालेली कारवाई आपोआप संपत नाही. नव्या कायद्याने तसं ठरवलं असेल तरच ती संपते. इथे तसं काही नव्हतं. भागधारकांची तक्रार खरी की खोटी, हा प्रश्नच या अपिलात नव्हता. ती ऐकली जाणार की नाही, एवढंच ठरायचं होतं.

थोडक्यात, मागणीत काही उरलंच नसेल तर याचिका निष्फळ ठरते. नुसता कायदा बदलला म्हणून ती संपत नाही. साखरेसाठी ओळखल्या जाणाऱ्या श्रीपूरच्या कंपनीचं नाव म्हणूनच कायद्याच्या पुस्तकांतही सापडतं.