शफी इनामदार : दुसऱ्याला हसू मिळवून देणारा नट



आज आपण अभिनेते शफी इनामदार यांची ओळख करून घेऊया. नाव ऐकून चेहरा आठवला नाही, तर घरातल्या मोठ्यांना विचारा. 'ये जो है जिंदगी'मधला रणजित म्हटलं की ते लगेच ओळखतील.

शफी इनामदार यांचा जन्म २३ ऑक्टोबर १९४५ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातल्या दापोली तालुक्यात, पांगारी गावी झाला. कोकणातला हा मुलगा मुंबईत शिकला आणि तिथेच नाटकात रमला. हिंदी, गुजराती, मराठी आणि इंग्रजी अशा चार भाषांच्या रंगभूमीवर त्यांनी काम केलं. नुसता अभिनय नाही, दिग्दर्शनसुद्धा! 'ती फुलराणी' गाजवणाऱ्या भक्ती बर्वे या त्यांच्या पत्नी.

१९८३ साली 'अर्धसत्य' हा चित्रपट आला. श्री. दा. पानवलकरांच्या मराठी कथेवरचा, विजय तेंडुलकरांनी पटकथा लिहिलेला. त्यात ओम पुरींनी रंगवलेल्या संतापी वेलणकरला समजावणारा पोलीस सहकारी हैदर अली, म्हणजे शफी इनामदार.

पुढच्याच वर्षी, १९८४ मध्ये, दूरदर्शनवर 'ये जो है जिंदगी' सुरू झाली. लेखन शरद जोशी यांचं. रणजित आणि रेणू हे नवरा-बायको, आणि त्यांच्याकडेच राहणारा रेणूचा भाऊ राजा. बघा ना, राजा झालेले राकेश बेदी गोंधळ घालणार, सतीश शाह जवळजवळ प्रत्येक भागात नवंच सोंग घेऊन येणार. मग रणजितने काय करायचं? ऐकायचं, वैतागायचं, सावरून घ्यायचं. टाळ्या बऱ्याचदा दुसऱ्यांना. पण रणजित खरा वाटला, म्हणूनच बाकीच्यांच्या गमती खुलल्या. तोही उड्या मारायला लागला असता तर नुसताच गोंगाट झाला असता, हो की नाही?

हे काम सोपं दिसतं, पण सोपं नसतं. त्यामागे रंगभूमीवरची अनेक वर्षांची मेहनत होती. नंतर 'मिर्झा गालिब' मालिकेत ते कवी जौक झाले. १९९५ मध्ये त्यांनी 'हम दोनो' हा चित्रपट दिग्दर्शित केला. आणि १३ मार्च १९९६ रोजी, अवघ्या पन्नासाव्या वर्षी, हृदयविकाराच्या झटक्याने ते गेले.

आता आपल्या वर्गाकडे वळूया. आपल्या छावणीत एकाच बाकावर मराठी बोलणारं आणि घरी दखनी उर्दू बोलणारं मूल शेजारी बसतं. स्नेहसंमेलन आलं की आपण धीट, खणखणीत बोलणारी मुलं आधी निवडतो. गप्प मुलाच्या हाती झाडाची फांदी देतो आणि मोकळे होतो. पण ते मूल नीट ऐकत असेल तर? समोरच्याचं वाक्य संपेपर्यंत थांबता येणं, त्याची चूक अलगद सांभाळून घेणं, हीसुद्धा कलाच आहे.

या आठवड्यात एक करून बघा. दोन मुलांना पुढे बोलवा. एकाने भाजीवाल्याशी घासाघीस करायची, दुसऱ्याने भाजीवाला होऊन फक्त चेहऱ्याने उत्तर द्यायचं. नंतर वर्गाला विचारा, हसू कशामुळे आलं? आणि टाळ्या मात्र दोघांनाही द्या.