गळ्यात ९५ किलोची हसली घालून बैठका मारणारा गामा पैलवान

पाण्याचा कॅन नाहीतर विटा उचलून घरीच व्यायाम करताय? मग या गड्याची गोष्ट तुम्हाला माहीत पाहिजे.

नाव गुलाम मोहम्मद बक्ष. जग त्याला गामा पैलवान म्हणून ओळखतं.

जन्म १८७८ चा. वडील पैलवान होते, पण गामा लहान असतानाच ते गेले. आजोळच्या माणसांनी त्याला सांभाळलं आणि तालमीत उतरवलं. १८८८ साली जोधपूरला ताकदीची स्पर्धा भरली. चारशेहून जास्त पैलवान बैठका मारत होते. दहा वर्षांचा गामा शेवटच्या पंधरात टिकला आणि महाराजांनी त्यालाच विजेता ठरवलं.

पुढे दतिया संस्थानाने त्याला आश्रय दिला. व्यायामाची साधनं मात्र साधीच, लाल माती आणि जड वजनं. खांद्यावर घ्यायला बारबेल नव्हता. म्हणून मधे भोक असलेलं भलंमोठं कडं, म्हणजे हसली, गळ्यात घालून तो बैठका मारायचा. वजन ९५ किलो! भार दोन्ही खांद्यांवर येणार आणि तोल सांभाळत पायांना उठावं लागणार. आजचं स्क्वॉट वेगळं काय असतं?

बडोद्याच्या संग्रहालयात एक दगड आहे. १९०२ मध्ये गामाने तो उचलला होता आणि त्याचं वजन १२०० किलो आहे, असं सांगतात. आजचे सर्वात ताकदवान लिफ्टरही ५०० किलोच्या आसपास थांबतात. त्यामुळे हा आकडा जपूनच घ्यायचा. गामाचं मोठेपण कळायला हसली पुरेशी आहे.

१९१० मध्ये तो लंडनला गेला. उंची कमी म्हणून स्पर्धेत घेतलं नाही. त्याने उघड आव्हान दिलं आणि अमेरिकेच्या बेंजामिन रोलरला चीत केलं. पोलंडचा झबिस्को अडीच तास बचाव करत मॅटला चिकटून राहिला. पुढच्या आठवड्यातल्या कुस्तीला तो आलाच नाही. 'जॉन बुल' पट्टा गामाला मिळाला. १९२८ मध्ये पटियाळ्यात त्याच झबिस्कोला गामाने मिनिटाच्या आत पाडलं.

फाळणीच्या वेळी गामा लाहोरला होता. दंगलीत तो आपल्या हिंदू शेजाऱ्यांच्या पाठीशी उभा राहिला. शेवटची वर्षं मात्र आजारपणात आणि तंगीत गेली. भारतातून उद्योगपती घनश्यामदास बिर्ला यांनी मदत पाठवली. १९६० मध्ये गामा गेला.

त्याची हसली आज पटियाळ्याच्या राष्ट्रीय क्रीडा संस्थेत जपून ठेवली आहे. ती उचलणाऱ्याला म्हातारपणी इतकं जपलं असतं तर?