दादासाहेब फाळके आणि त्यांच्या उरलेल्या फिती

दादासाहेब फाळके म्हटलं की तुम्ही लगेच सांगाल, भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक, 'राजा हरिश्चंद्र', सन १९१३. परीक्षेत एवढ्यावर गुण मिळतात. पण हा चित्रपट तुमच्यापैकी कोणी पूर्ण पाहिलाय का? पाहिला नसणारच, कारण तो आज पूर्ण उरलेलाच नाही.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये आणि बडोद्याच्या कलाभवनात ते शिकले. फोटोग्राफी, छपाई असे उद्योग करून झाले. १९११ मध्ये मुंबईत येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि या माणसाला दुसरं काही सुचेना. १९१२ मध्ये लंडनला जाऊन ते तंत्र शिकले, कॅमेरा घेऊन आले. आधी कुंडीत वाटाणा लावला आणि त्याचं रोप वाढताना थोडं थोडं चित्रित केलं!

तेव्हा कच्ची फिल्म भोकं न पाडलेली यायची बरं का. ती अंधाऱ्या खोलीत बसून यंत्रावर पाडावी लागत. हे काम पत्नी सरस्वतीबाई करत. फिल्म धुण्याचं कामही त्या शिकल्या. पडद्यावर त्या कुठेच दिसत नाहीत, म्हणून मुद्दाम सांगतो.

पुढे नाशिकला कंपनी निघाली, सुमारे ९५ चित्रपट झाले. मग ते गेले कुठे?

ती फिल्म नायट्रेटची असे. चटकन पेट घेणारी. दमट हवेत ती चिकट होते, मग तिचा भुगा होतो. त्यात १९३१ ला बोलपट आले आणि मूकपटांना कोणी विचारीना. जुन्या फितींमधली चांदी काढून घेण्यासाठी त्या विकल्या जात. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी दादासाहेब नाशिकला वारले. जुने चित्रपट जपणारी सरकारी संस्था, म्हणजे पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, निघालं १९६४ मध्ये. मध्ये २० वर्षं गेली!

या संग्रहालयाचे पी. के. नायर नाशिकला फाळके कुटुंबीयांकडे गेले. मिळाले ते फितींचे तुकडे. ते साफ करायचे, क्रम लावायचा, मग सहज न पेटणाऱ्या फिल्मवर नवी प्रत काढायची, असं हे चिकाटीचं काम. 'कालिया मर्दन' (१९१९) बराचसा वाचला. त्यात फाळक्यांची लहानगी मंदाकिनी कृष्ण झाली आहे, जरूर पाहा. 'राजा हरिश्चंद्र'चा जो भाग उरलाय तो १९१३ चा की १९१७ साली पुन्हा काढलेल्या चित्रपटाचा, यावर मात्र अभ्यासक अजून भांडतात.

आणखी एक गंमत. टीव्हीवर फाळक्यांवरचा कार्यक्रम लागला की हातात फिल्म घेऊन ती निरखणारे दादासाहेब हमखास दिसतात. ही दृश्यं कुणी पत्रकाराने टिपलेली नाहीत. चित्रपट कसे तयार होतात हे लोकांना कळावं म्हणून फाळक्यांनीच १९१७ च्या सुमारास एक छोटा चित्रपट काढला होता, त्यातली ती आहेत. त्याचाही तुकडाच उरलाय. तोच सगळे पुन्हा पुन्हा वापरतात.