लुबाओचा नट

मागच्या स्नेहसंमेलनात मी नाटकात काम केले. नाटकाने शिक्षण बुडते, असे वडिलांचे मत पडले. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. त्यांची भीती खोटी कशी म्हणू? पुढे रोहेलियो दे ला रोसा या फिलिपिनो नटाचे चरित्र वाचनात आले आणि मी विचारात पडलो.

रोहेलियो १९१६ साली पांपांगा प्रांतातील लुबाओ गावी जन्मला. दियोस्दादो माकापागाल हा त्याचा बालमित्र. पैशाच्या अडचणीमुळे व आजारपणामुळे माकापागालचे शिक्षण मध्येच सुटले आणि तो गावी परतला. तेव्हा दोघांनी मिळून सारसुएला बसविले. सारसुएला म्हणजे स्पॅनिश वळणाचे, आपल्या संगीत नाटकाच्या जातीचे नाटक. निर्माते तेच, नटही तेच! या नाटकांतून मिळालेला पैसा आणि एका दानशूर गृहस्थाची मदत यांवर माकापागाल पुन्हा शिकू लागला व वकील झाला. १९३८ मध्ये त्याने रोहेलियोची बहीण पुरिता हिच्याशी लग्न केले.

रोहेलियो १९३२ मध्ये होसे नेपोमुसेनो यांच्या चित्रपटातून पडद्यावर आला. विद्यापीठात त्याने वक्तृत्वही गाजविले. बोलपट आले तसा तो आघाडीचा नायक झाला. कारमेन रोसालेसबरोबरची त्याची जोडी लोकप्रिय ठरली. जपानी अंमलात चित्रनिर्मिती थंडावली, तेव्हा तो रंगमंचावर उभा राहिला. ‘हिगित सा लाहात’ (१९५५) मधील कामासाठी १९५६ च्या हाँगकाँग येथील आशियाई चित्रपट महोत्सवात तो सर्वोत्कृष्ट अभिनेता ठरला.

१९५७ मध्ये हा नट सिनेटवर निवडून आला. १९६१ साली राष्ट्राध्यक्षपदासाठी तो उभा राहिला, तर समोर माकापागाल! पुरिता १९४३ मध्येच वारली होती, माकापागालचे दुसरे लग्नही झाले होते. तरी रोहेलियोने त्याच्यासाठी माघार घेतली. त्यात राजकारणाचा हिशेबही असेल. पण माकापागाल राष्ट्राध्यक्ष झाला हे खरे. पुढे रोहेलियोने कंबोडिया, नेदरलँड्स येथे राजदूत म्हणून काम केले. १९८६ मध्ये तो निवर्तला.

ही हकीकत मी वडिलांना सांगितली. त्यांनी एवढेच विचारले, की तो वकील झालेला मुलगा नाटक संपल्यावर पुस्तकाकडे परत गेला ना? मी होय म्हणालो. यंदा मी पुन्हा तालमीला जातो. घरी आल्यावर मात्र आधी पुस्तक उघडतो.