प्राध्यापक टोपफेरच्या आडव्या वह्या

इंद्रजाल कॉमिक्समधला वेताळ वाचत जी पिढी मोठी झाली, तिला चौकटीमागून चौकट वाचायला कोणी शिकवावे लागले नाही. ही रीत ज्याच्या हातून छापील पानावर प्रथम नीट रुजली, तो मात्र व्यावसायिक व्यंगचित्रकार नव्हता. तो वक्तृत्वशास्त्र शिकवणारा एक प्राध्यापक होता.

रोदोल्फ टोपफेरचा जन्म ३१ जानेवारी १७९९ रोजी जिनीव्हा येथे झाला. वडील वोल्फगांग-आदाम हे नावाजलेले चित्रकार. मुलानेही कुंचलाच हाती धरायचा, हे घरात ठरल्यासारखेच होते. पण ऐन तारुण्यात डोळ्यांनी दगा दिला. १८१९ साली तो पॅरिसला गेला, तिथल्या डॉक्टरांना डोळे दाखवले, आणि पुढच्या वर्षी परतला तो चित्रकार होण्याची आशा सोडूनच. मग शिक्षकी पत्करली. १८२४ च्या सुमारास स्वतःचे निवासी विद्यालय काढले, आणि १८३२ मध्ये जिनीव्हाच्या अकादमीत त्याला प्राध्यापकपद मिळाले. उन्हाळ्यात विद्यार्थ्यांना घेऊन आल्प्समध्ये पायी भटकायचे आणि त्या सहलींचे सचित्र वृत्तान्त लिहायचे, हा त्याचा आवडता छंद.

रंग गेले, पण रेघ राहिली होती. १८२७ साली त्याने वहीत एक गोष्ट चितारली. व्हिय-ब्वा नावाचा एक गृहस्थ आपल्या प्रेयसीपायी जीव द्यायला निघतो आणि प्रत्येक खेपेस फजीत होऊन जिवंत उरतो. वही आडवी, आपल्या पोथीसारखी. प्रत्येक पानावर चित्रांची एकच ओळ, उभ्या रेघांनी चौकटी पाडलेल्या, खाली स्वहस्ते लिहिलेला मजकूर. प्रसंग धावू लागला की चौकटी अरुंद होतात. ऐसपैस दृश्य आले की एकच चौकट सारी ओळ व्यापते. म्हणजे चौकटीची रुंदी हीच गोष्टीची लय. मजकूर झाकला तर चित्रे मुकी, चित्रे झाकली तर मजकूर लंगडा.

या वह्या विद्यार्थ्यांत आणि मित्रांत फिरत. त्यांतल्या काही फ्रेदेरिक सोरे याने १८३०–३१ च्या हिवाळ्यात वायमारला नेऊन वृद्ध गटेला दाखवल्या. गटेला त्या इतक्या आवडल्या की एका वेळी थोडीच पाने पाहायची, मग थांबायचे, असा त्याने क्रम ठेवला. महाकवीची ही पावती मिळूनही आमचे प्राध्यापक बिचकतच होते. अकादमीतल्या अध्यापकाने वेड्यावाकड्या चित्रांचे पुस्तक काढले तर लोक काय म्हणतील? ‘मस्य जाबो’ हे पुस्तक १८३३ मध्ये छापून झाले. पण ते उघड विक्रीला आले १८३५ साली. कॉलेजातली प्रतिष्ठा ही चीज कोणत्याही देशात फार निराळी नसते!

छपाईसाठी त्याने जी पद्धत निवडली, तिथे त्याची खरी हुशारी दिसते. शिळाछापात दगडावर सारे उलटे काढावे लागते. अक्षरे उलटी लिहिणे हे कारागिराचे काम, अधू डोळ्यांच्या लेखकाचे नव्हे. टोपफेर खास लेप दिलेल्या कागदावर तेलकट शाईने सुलटेच काढी आणि लिही. तो कागद दगडावर दाबला की ठसा उलटा उमटे, आणि छापताना पुन्हा सुलटा होई. मधे दुसऱ्या कोणाचा हात नाही. चित्र आणि अक्षर एकाच लेखणीचे. बारीक छायाप्रकाश या पद्धतीत नीट साधत नाही, पण तो त्याला नकोच होता. (आपल्याकडे गणपत कृष्णाजींनी १८३१ साली मुंबईत पंचांग छापले ते शिळाछापावरच.) १८४२ मध्ये त्याने या पद्धतीवर एक पुस्तिका लिहिली, आणि १८४५ मध्ये चेहऱ्याच्या रेघांतून स्वभाव कसा उभा राहतो यावर निबंध. तो निबंध चित्रकथेच्या अभ्यासकाने आजही सोडू नये. राजकारणात मात्र हा गृहस्थ सनातनी होता, आणि नव्याने निघालेल्या छायाचित्रणाबद्दलही त्याला फारसे प्रेम नव्हते.

पुस्तके गाजली आणि चोरीही सुरू झाली. १८३९ मध्ये पॅरिसच्या ओबेर या प्रकाशकाने ती परक्या हातांकडून पुन्हा काढवून विनापरवाना विकली. त्या चोरीवरून लंडनची इंग्रजी आवृत्ती निघाली, आणि तिच्यावरून १८४२ साली न्यूयॉर्कमध्ये एका साप्ताहिकाची पुरवणी. तिथे पान उभे झाले, एका पानावर चित्रांच्या अनेक ओळी रचल्या गेल्या. गोष्ट तीच, पण पान उलटेपर्यंत पुढचे चित्र दडवून ठेवण्याची गंमत त्या रचनेत पुष्कळशी हरवली.

शेवटी शेवटी त्याच्यावरही अशी तडजोड करण्याची पाळी आली. १८४५ मध्ये ‘मस्य क्रिप्तोगाम’ ही कथा पॅरिसच्या ‘लिल्युस्त्रास्यों’ या साप्ताहिकाने घेतली. साप्ताहिक खिळ्यांवर छापले जाई. खिळ्यांबरोबर लाकडी ठसाच चाले, शिळा नव्हे. तेव्हा शाम या चित्रकाराने टोपफेरची चित्रे ठशांसाठी पुन्हा काढली, मजकूर खिळ्यांत जुळवला गेला. प्रकृती आणि दृष्टी दोन्ही खालावलेल्या टोपफेरला दुसरा मार्ग नव्हता. चित्रे सफाईदार झाली खरी. त्यांतली मूळची थरथर मात्र गेली. ८ जून १८४६ रोजी, सत्तेचाळिसाव्या वर्षी, तो जिनीव्हातच वारला.

आज त्याची पाने संगणकावर प्रतिमा म्हणून साठवलेली सापडतात. चित्रकथांसाठी ‘सीबीझेड’ नावाची फाईल वापरतात. ती म्हणजे पानांच्या प्रतिमांचे एकत्र बांधलेले गाठोडे. अनेक ओळींचे उभे पान मोबाइलवर वाचायचे तर ते मोठे करावे लागते किंवा चौकटीचौकटीने तोडावे लागते. टोपफेरचे मूळ पान तोडावे लागत नाही. मोबाइल आडवा धरला की ती एक ओळ, शेजारच्या चौकटींसकट आणि खालच्या हस्ताक्षरासकट, पडद्यावर अख्खी मावते.